सातवं दार

माझी मावशी तीस वर्षं फिल्म संकलक होती. दुसऱ्यांनी चित्रित केलेले माहितीपट स्टीनबेक नावाच्या संकलन-टेबलावर कापायचे आणि जोडायचे, हे तिचं काम. माणसाला पडद्यावर किती वेळ गप्प बसू द्यायचं हे ठरवणं म्हणजे संकलन, अशी तिची साधी व्याख्या आहे. मी मालिका लिहितो. आठवड्याला सहा भाग, आणि जाहिराती वजा केल्या तर एक भाग बावीस मिनिटांचा.

मागच्या महिन्यात तिच्या पुण्यातल्या, एरंडवण्याच्या घरी आम्ही माझ्या लॅपटॉपवर एक हंगेरियन लघुपट पाहिला. युदित एलेक या दिग्दर्शिकेचा 'तालाल्कोझाश', म्हणजे 'भेट'. साल १९६३, कृष्णधवल, लांबी साधारण माझ्या एका भागाएवढी. वर्तमानपत्रातल्या जाहिरातीवरून ओळख झालेले एक मध्यमवयीन पुरुष आणि एक मध्यमवयीन बाई बुडापेस्टमध्ये भेटतात. गोष्ट एवढीच.

कापण्यात आयुष्य घालवलेली बाई अशा काटकसरीच्या चित्रपटाची बाजू घेईल आणि रोज शब्दांचा रतीब घालणारा मी नाक मुरडेन, असं कुणालाही वाटेल. झालं नेमकं उलट.

मावशी : संपलं?

मी : संपलं.

मावशी : आणि सुरू कधी झालं होतं?

मी : तू मेथी निवडत होतीस, म्हणून कळलं नसेल.

मावशी : मेथी तशीच आहे बघ. एक काडी मोडलेली नाही. म्हणजे नीट बघितलंय मी. दोघं भेटले, हिंडले, बसले, बोलले. ह्याला आपल्याकडे चहा-पोहे म्हणतात. इथं पोहेसुद्धा नाहीत.

मी : चहा-पोह्यांत मुलगा-मुलगी गप्प असतात आणि बोलतात ते काका. 'आमच्याकडे अगदी मोकळं वातावरण आहे' हे वाक्य नेहमी काकाच म्हणतात. इथं दोन्हीकडचं कुणी नाही. वय चाळिशीच्या पुढे गेलेलं, आणि आपली बाजू आपणच मांडायची. मी असा आहे, मी अशी आहे. मला ते बघताना अंगावर काटा आला.

मावशी : काका नाही कसा? कॅमेरा आहे की. ती बाई त्या पुरुषाशी बोलतेय असं तुला वाटतं. मी टेबलावर हजारो मुलाखती बघितल्यात. माणूस समोरच्याशी बोलत नाही, लेन्सशेजारी उभ्या असलेल्या माणसाशी बोलतो. जरा चांगलं दिसायचं, जरा शहाण्यासारखं बोलायचं. आणि तो पुरुष कोण? चेहरा नटाचा वाटत नाही.

मी : नट नाहीच. इवान मांदी. लेखक होता. जन्म १९१८ चा, म्हणजे त्या वेळी पंचेचाळिशीच्या आसपास. बुडापेस्टच्या जुन्या पेठांतल्या, तेलेकी चौकाच्या बाजारातल्या, फुटबॉलच्या मैदानाबाहेर ताटकळणाऱ्या माणसांच्या गोष्टी लिहायचा. वाक्यं तुटक. पुढं ह्याच दिग्दर्शिकेसाठी त्यानं पटकथाही लिहिली, १९६९ च्या पूर्ण लांबीच्या चित्रपटाची. त्यात एका म्हातारीला आपली मोठी जागा देऊन लहान जागा घ्यायची असते.

मावशी : म्हणजे बघ. त्याला पुरतं ठाऊक आहे की हा खेळ आहे. लेखक आहे तो, रिकाम्या जागा कुठं सोडायच्या ते त्याला कळतं. त्या बाईला कळतं का? एकाच्या हातात पत्ते दिसताहेत आणि दुसरीच्या हातात नाहीत. ह्याला तू भेट म्हणतोस?

मी : सगळ्या पहिल्या भेटी अशाच असतात, मावशी. एकाला जास्त गरज असते, एकाला कमी. ज्याला कमी असते तो चांगलं बोलतो.

मावशी : हं. हे वाक्य मालिकेत घाल.

मी : घातलं तर चॅनेल म्हणेल, कोण कुणाला म्हणतंय ते कळत नाही, आधी दोघांचा पूर्वेतिहास दाखवा. फ्लॅशबॅक टाका, पावसाचा. आमच्याकडे नायिका एक दार उघडायला तीन दिवस घेते. बुधवारी हात कडीवर, गुरुवारी तिन्ही बाजूंनी क्लोजअप, शुक्रवारी दार उघडलं आणि आत मोलकरीण. एवढं भरून भरून लिहिल्यावर असं काही बघितलं की मला मोकळ्या अंगणात आल्यासारखं वाटतं. कुणी मला काही समजावत नाहीये.

मावशी : तुला रोज पंगत वाढून कंटाळा आलाय, म्हणून उपास आवडतोय. पण उपास करणाऱ्याला आणि उपाशी असणाऱ्याला एकाच ओळीत बसवू नकोस. मला वाटलं ती बाई उपाशी आहे आणि दिग्दर्शिका उपास करतेय.

मी : दिग्दर्शिका पंचविशीची होती.

मावशी : तेच म्हणते मी. पंचविशीची मुलगी पंचेचाळिशीच्या बाईकडे बघते तेव्हा तिला एकटेपणा दिसतो. पंचेचाळिशीच्या बाईला विचार. तिला त्या दिवशी पायातला नवा बूट चावत असतो.

मी : थांब. ती मुलगी १९३७ मध्ये बुडापेस्टमध्ये, एका ज्यू घरात जन्मली. शहराला वेढा पडला तेव्हा सात वर्षांची होती. १९४४ च्या डिसेंबरपासून १९४५ च्या फेब्रुवारीपर्यंत. त्यामुळे तिला काही दिसत नव्हतं असं म्हणू नकोस. आणि १९६३ मध्ये त्या शहरात चाळिशी ओलांडलेला माणूस म्हणजे कोण, विचार कर. ऐन तारुण्यात महायुद्ध. मग राकोशीच्या कम्युनिस्ट राजवटीत पोलिसांची दारावरची थाप. मग १९५६ चा उठाव आणि सोव्हिएत रणगाडे. त्यांच्या पिढीतले किती पुरुष परतलेच नाहीत, किती घरं पुसली गेली. अशा दोघांना एकमेकांची माहिती विचारायची आहे. 'त्या साली तुम्ही कुठं होतात?' हा साधा प्रश्न तिथं साधा राहत नाही. ते इकडचं तिकडचं बोलतात, कारण नीट बोलायला लागलं तर संध्याकाळ पुरणार नाही.

मावशी : छान सांगितलंस. आता मला एक सांग, हे मला कुणी सांगितलं? लघुपटानं की तू?

मी : मी.

मावशी : मग झालं तर. त्यानं सांगायचं नाही, आणि भाच्यानं पुस्तकं वाचून मावशीला समजावायचं. असली काटकसर मला पटत नाही. दुकानदारानं वजनात मारायचं आणि गिऱ्हाइकानं म्हणायचं, वा, किती हलकी पिशवी!

मी : पण १९६३ च्या बुडापेस्टमधल्या प्रेक्षकाला हे सांगायची गरजच नव्हती. त्याच्या घरात होतं ते. आणि मला वाटतं जवळीकही अशीच असते. दोन माणसांत न सांगता चालणाऱ्या गोष्टींचा एक साठा तयार होतो. आजी-आजोबा दिवसाला दहा वाक्यं बोलायचे. 'पंखा' म्हटलं की तिला कळायचं, पंखा लावायचा नाहीये, कालचं बिल भरायचं राहिलंय. हा लघुपट आपल्या प्रेक्षकाशी तसा वागतो. मुरलेल्या संसारासारखा.

मावशी : प्रेक्षकाशी वागत असेल. पण पडद्यावरच्या दोघांचं काय? ते तर आज पहिल्यांदा भेटलेत. त्यांचा साठा कुठंय? अरे, जुन्या माणसांचं गप्प बसणं आणि नव्या माणसांचं गप्प बसणं ह्यांत जमीन-अस्मानाचा फरक असतो. आजीच्या गप्प बसण्यात चाळीस वर्षं होती. ह्यांच्या गप्प बसण्यात अवघडलेपण आहे. आणि गंमत म्हणजे स्टीनबेकवर दोन्ही अगदी सारखी दिसतात. दोन माणसं, मधे हवा. किती फुटांवर कापायचं हे ठरवताना मला आधी विचारावं लागायचं, ही नवरा-बायको आहेत की शेजारी?

मी : हे मात्र माझ्या डोक्यात आलं नव्हतं.

मावशी : येणार नाही. तुझ्याकडे संगीत असतं. बासरी वाजली की नवरा-बायको, गिटार वाजलं की अजून लग्न व्हायचंय. बरं, ह्याला पैसे कुणी दिले? सरकारी राजवटीत, दोन माणसं नुसती बसलीत हे बघून कुणाच्या कपाळावर आठी नाही पडली?

मी : हा भाग तुला आवडेल. बुडापेस्टमध्ये बेला बालाझ स्टुडिओ नावाची जागा होती. १९६१ पासून तिथं चित्रपटशाळेतून नुकत्याच बाहेर पडलेल्या मुलांना सरकारच्याच पैशातून लघुपट करता यायचे. काय करायचं ते त्यांचं मंडळ आपापसांत ठरवायचं. पटकथा आधी वर पाठवून मंजूर करून घ्यायची गरज नव्हती. परवानगी लागायची ती चित्रपट लोकांना दाखवायचा असेल तर. आणि दाखवायलाच पाहिजे अशी सक्ती नव्हती.

मावशी : म्हणजे करा आणि कपाटात ठेवा?

मी : हो. सरकारची मखलाशी म्हण हवं तर. तरुण पोरांना वाफ काढायला जागा दिली आणि दारावर आपली कडी ठेवली. पण त्यातून काय निघालं बघ. शांदोर शारानं १९६२ मध्ये जिप्सी वस्त्यांवर माहितीपट केला. इश्तवान साबोनं १९६३ मध्येच 'ते' केला. 'ते' म्हणजे हंगेरियनमध्ये 'तू'. आपल्या आवडत्या मुलीकडे बघत राहण्याचा लघुपट. एलेक आणि साबो एकाच वर्गातले.

मावशी : साबो म्हणजे 'मेफिस्टो'वाला?

मी : तोच. २०२१ मध्ये गोव्याच्या इफ्फी चित्रपट महोत्सवात त्याला सत्यजित राय जीवनगौरव मिळाला. एकाच वर्गातली दोन मुलं, एकच स्टुडिओ, एकच साल. तो प्रेमात पडलेल्या डोळ्यांनी बघतो, त्याच्या लघुपटात 'तू' आहे. हिच्यात 'तुम्ही' आहे. आपण आणि तुम्ही ह्यांच्या मधला, अजून 'तू' न झालेला रस्ता. मला रोज रात्री भाग द्यावाच लागतो, मावशी. कपाटात ठेवायची मुभा असलेली माणसं काय करतात ह्याचा मला हेवा वाटतो. ज्याला दाखवायची घाई नाही त्याला प्रेक्षकाला धरून ठेवायची भीती नसते. ती भीती गेली की माणूस दोन लोकांना नुसतं बसू देतो.

मावशी : किंवा ज्याला दाखवायचं नाही त्याला समजावायचा कंटाळा येतो. दोन्ही होतं. आणि बालाझ कोण? कुणी पुढारी?

मी : नाही. कवी, पटकथाकार, आणि चित्रपटाबद्दल गांभीर्यानं लिहिणाऱ्या पहिल्या काही लोकांपैकी एक. १८८४ ते १९४९. 'दृश्य माणूस' अशा अर्थाचं त्याचं जर्मन पुस्तक १९२४ मध्ये आलं. मूकपटाचा काळ. त्याचं म्हणणं असं की छापखाना आल्यापासून माणसाचं सगळं शब्दांत गेलं, चेहरा वाचायची सवय मोडली. कॅमेऱ्यानं चेहरा जवळ आणला, आता ती सवय परत लागेल. म्हणून त्याच्या नावाच्या स्टुडिओत पंचविशीची मुलगी दोन साधे चेहरे घेते आणि गोष्टीचा आग्रह सोडते, हे मला बरोबर वाटतं.

मावशी : चेहरा वाचता येतो ह्यावर माझा तेवढा विश्वास नाही. मी एकाच बाईचा एकच शॉट एकदा लग्नाच्या वरातीला जोडलाय आणि एकदा प्रेतयात्रेला. दोन्हीकडे लोक म्हणाले, काय भाव आहेत! चेहरा रिकामं भांडं आहे. शेजारी काय ठेवाल ते त्यात दिसतं. म्हणून शेजारी काहीतरी ठेवावं लागतं. तुझी एलेक शेजारी काही ठेवत नाही.

मी : ह्याच बालाझनं आणखी एक गोष्ट लिहिली, ती ऐक. संगीतकार बार्टोकचा एकमेव ऑपेरा आहे, निळ्या दाढीच्या सरदाराच्या वाड्याचा. त्याची संहिता बालाझची. १९१८ मध्ये बुडापेस्टला पहिला प्रयोग झाला. सगळा ऑपेरा जेमतेम तासाभराचा आणि गाणारी पात्रं दोनच, नवरा आणि नवी नवरी. नवरीचं नाव युदित.

मावशी : अगं बाई.

मी : योगायोग. ती माहेर सोडून ह्याच्या अंधाऱ्या वाड्यात येते. आत सात बंद दारं. ती म्हणते, मला किल्ल्या दे, मला इथं उजेड आणायचाय. तो म्हणतो, माझ्यावर प्रेम कर, विचारू नकोस. ती एकेक दार उघडून घेते. छळाची कोठडी, शस्त्रागार, खजिना, बाग, सरदाराचं अफाट राज्य, अश्रूंचं तळं. जवळजवळ प्रत्येक ठिकाणी रक्ताचा डाग. सातव्या दारामागं त्याच्या आधीच्या तीन बायका, जिवंत. त्या बाहेर येतात, ही त्यांच्यात जाऊन उभी राहते, आणि दार बंद होतं. वाड्यात पुन्हा अंधार. सगळी दारं उघडली आणि जवळीकच संपली. माझं म्हणणं हेच आहे. एक दार बंद राहू द्यावं.

मावशी : हे पुरुषांना भारी सोयीचं आहे हं. 'विचारू नकोस, प्रेम कर.' तीन बायका आत कोंडल्यात ते न विचारता संसार करायचा? ती युदित काय चोरी करायला आली होती? उजेड आणायला आली होती असं तूच म्हणालास. मी तिच्या बाजूची. दोष विचारणारीचा नाही, सातव्या दारामागं जे होतं त्याचा आहे.

मी : बालाझ दोष कुणाचा ते सांगत नाही.

मावशी : नसेल सांगत. पण त्यानं सहा दारं उघडून दाखवली ना? आधी वाडा उभा केला, भिंती ओल्या दाखवल्या, बाग दाखवली. मग सातव्या दारापाशी माझा श्वास अडकला. तुझ्या लघुपटात मला वाडाच दिसला नाही. नुसतं एक बंद दार रस्त्यावर उभं आहे. त्याच्यामागं काय आहे ह्याची मला काळजी का वाटावी? मी तुला हंगेरीचाच दाखला देते. कारोय मक्कचा 'सेरेलेम', म्हणजे 'प्रेम'. बघितलायस?

मी : नाव ऐकलंय. १९७१, कानला परीक्षकांचं पारितोषिक.

मावशी : फिल्म सोसायटीत बघितला होता मी, नोकरीच्या पहिल्या वर्षात. दीड तासाचाही नाही. एक खोली, अंथरुणाला खिळलेली म्हातारी, आणि तिची सून, लुत्सा. म्हातारीचा मुलगा राजकीय कैदी आहे, तुरुंगात. पण तिला सांगितलंय की तो अमेरिकेत चित्रपट करतोय. सून त्याच्या नावानं पत्रं लिहिते, आणते, म्हातारी भिंग लावून वाचते. मुलाचे थाटमाट, मोठमोठी माणसं त्याला भेटायला येतात, सगळं बनावट. सुनेची नोकरी गेलेली आहे, घरात सरकारनं बिऱ्हाडकरू घुसवलेत, पण सासूकडे जाताना फुलं घेऊन जाते. आता ह्यात काटकसर नाही का? चार भिंती आणि दोन बायका. तरी मला सगळं मिळालं.

मी : मूळ कथा तिबोर देरीच्या ना? तो स्वतः तुरुंगात होता.

मावशी : १९५६ नंतर नऊ वर्षांची शिक्षा झाली होती, १९६० मध्ये सुटला. त्याच्या दोन कथा एकत्र केल्यात. मुलाचं काम करणारा इवान दार्वाश हाही त्याच काळात तुरुंग भोगून आलेला. आणि म्हातारी कोण, माहीतेय? लिली दार्वाश, नावापुरतीच सारखी. नाटककार फेरेन्स मोलनारची बायको. ती खरंच न्यूयॉर्कला राहत होती, ह्या भूमिकेसाठी तिथून आली. म्हणजे ज्या अमेरिकेतून पत्रं येतात असं खोटं सांगितलंय, त्याच अमेरिकेतून ती नटी आलेली. आणि मारी तोरोचिकनं सुनेचं काम असं केलंय की तिचा राग आणि तिची माया वेगळी काढता येत नाही. त्याचं संकलन तर मी दोनदा बसून मोजलं. यानोश तोथचं छायाचित्रण, आणि मधेच म्हातारीच्या आठवणींचे तुकडे येतात. एकेक तुकडा पापणी लवेपर्यंत टिकतो. काही कळायच्या आत गेला. पण असे तुकडे साठत साठत त्या खोलीला पाया मिळतो. ह्याला म्हणतात शेजारी काहीतरी ठेवणं.

मी : एक विचारू? म्हातारीला कळलेलं असतं का, की पत्रं खोटी आहेत?

मावशी : …

मी : सांग ना.

मावशी : मक्कनं सांगितलं नाही ते. कधी वाटतं कळलंय, सुनेचं मन राखायला वाचतेय. कधी वाटतं नाही. आणि मुलगा सुटून येतो तोवर ती गेलेली असते. विचारायचं राहूनच जातं.

मी : म्हणजे तुझ्या लाडक्या चित्रपटातही सातवं दार बंद आहे.

मावशी : बंदच आहे. मी कुठं म्हटलं सगळी उघडा? मी म्हणते, आधी सहा दाखवा. रिकामं ठेवायला आधी घर लागतं. उघड्या माळावर रिकामी जागा नसते, नुसता माळ असतो.

मी : आणि मी म्हणतो, काही लघुपट एकाच दाराचे असतात. त्या मानानं अलीकडचं बघ. नाद्या आंद्राशेव नावाच्या मुलीचा ॲनिमेशनपट आहे, 'चाटण्याचा आवाज' अशा अर्थाचं नाव. आदाम बोदोरच्या कथेवरचा. २०१६ मध्ये कानच्या विद्यार्थी विभागात त्याला तिसरं पारितोषिक विभागून मिळालं. एक बाई आपल्या झाडांची निगा राखते आणि शेजारचं मांजर तिला रोज बघत असतं. बघणं आणि बघू देणं, एवढंच नातं. मग मांजर दिसेनासं होतं. पुढच्या वसंतात एक विचित्र माणूस दारात येतो. नऊ मिनिटं. त्यात घरही नाही, पूर्वेतिहासही नाही. तरी मला त्या बाईची लाज आणि तिची भूक दोन्ही कळली.

मावशी : कळली, कारण झाडं आहेत. मांजर आहे. चाटण्याचा आवाज आहे. नावातच ठेवलाय तिनं तो. तुला वाटतं ती कमी सांगतेय. ती नेमकं सांगतेय. कमी आणि नेमकं ह्यांत गल्लत करतोस तू. इल्दिको एन्येदी बघ. तिचा २०१७ चा 'देह आणि आत्मा', ज्याला बर्लिनला सुवर्ण अस्वल मिळालं. कत्तलखान्यात काम करणारे दोघं, त्यातल्या बाईला स्पर्शही सहन होत नाही, पण दोघांना रात्री एकच स्वप्न पडतं, बर्फातल्या हरणांचं. ती हरणं नसती तर दोन अबोल माणसं उरली असती. आणि अबोल माणसं बघायला मला तिकीट काढावं लागत नाही.

मी : तीही ह्याच बालाझ स्टुडिओतून पुढं आली. मग 'भेट'मध्ये ते हरीण नाही असं तुझं म्हणणं?

मावशी : मला दिसलं नाही. मला दिसलं ते एवढंच, की जाहिरातीतलं माणूस आणि समोरचं माणूस जुळत नाही. जाहिरातीत जागा कमी असते ना. शब्दामागं पैसे. 'मध्यमवयीन, निर्व्यसनी, स्वतःची जागा'. पत्ता द्यायचा नाही, खाली बॉक्स नंबर. उत्तर पाठवताना पाकिटावर तो नंबर डाव्या कोपऱ्यात लिहायचा, आत फोटो ठेवायचा नाही, नाहीतर परत येत नाही. मग पंधरा दिवसांनी एक पोस्टकार्ड यायचं. पोस्टकार्डावर घाईची आणि बरी अशी दोन अक्षरं असायची. भेटायचं ठिकाण घाईच्या अक्षरात, 'आपली कृपाभिलाषी' बऱ्या अक्षरात.

मी : मावशी, तुला हे इतकं कसं माहीत?

मावशी : हो ना. 'कृपाभिलाषी' मी लिहायचे. समोरचा 'आपला' लिहायचा.

मी : कधी?

मावशी : ८३ मध्ये. तुझ्या आजोबांना वाटत होतं मी लायब्ररीत गेलेय.

मी : कुठं भेटलात?

मावशी : डेक्कनला, एका हॉटेलात. आता तिथं कपड्यांचं दुकान आहे. बँकेत होता, बायको गेलेली. मी तेव्हा चौतिसाची. तो चाळीस-बेचाळीस. आम्ही पोहे मागवले. म्हणजे बघ, पोहे तरी होते.

मी : मग?

मावशी : मग काय? बोललो. पाऊस किती झाला, बसला किती गर्दी, स्टीनबेक म्हणजे काय. तासभर असेल. बिल त्यानं दिलं.

मी : तो परत भेटला? त्यानं काही विचारलं? तू नाही म्हणालीस की तो? आजोबांना कळलं का? आईला माहीत होतं?

मावशी : हे बघ. दार उघडायला निघाला. सगळ्या किल्ल्या हव्यात साहेबांना.

मी : हे वेगळं आहे.

मावशी : काय वेगळं आहे? मघाशी तुझं म्हणणं होतं, दोन माणसांना नुसतं बसू द्यावं. बसू दे की आम्हाला. तास संपला, हॉटेल संपलं.

मी : पण तूच तर म्हणत होतीस, आधी सहा दारं उघडा. मग मला माळावर का उभं केलंस?

मावशी : खरंय. मी आठवून बघतेय, उघडायला काय आहे. चेहरा नीट आठवत नाही. आवाज तर मुळीच नाही. शर्टाचा रंगही गेला. चाळीस वर्षं झाली. संकलन आपोआप होतं, कुणाला टेबलावर बसावं लागत नाही. एकच गोष्ट राहिलीय. त्यानं पोह्यातले शेंगदाणे एकेक करून बशीच्या कडेला काढून ठेवले होते. नीट, ओळीनं.

मी : आवडत नव्हते म्हणून?

मावशी : की शेवटी खायचे म्हणून. की बायकोला आवडायचे आणि तिच्यासाठी काढून ठेवायची सवय जडली म्हणून. काहीही असेल.

मी : तू विचारलं नाहीस?

मावशी : ते विचारण्याइतकी ओळख नव्हती ना झाली.

तिनं मेथीची जुडी पुढं ओढली आणि पहिली काडी मोडली. मग हात थांबवून म्हणाली, त्या हंगेरियन बाईला परत एकदा लाव, ह्या वेळी मी तिचे हात बघते.